येथे खलनायिका दुरुस्त करून मिळतील

मालिकेतली धाकटी सून पापी आहे की परिस्थितीने गांजलेली, हे मुंबईत बसलेला लेखक ठरवतो असा बऱ्याच लोकांचा समज असतो. असू दे. लेखकालाही जगायचं असतं. पण रत्नागिरी आणि आसपासच्या गावांपुरतं बोलायचं, तर हा निकाल गेली कित्येक वर्षं मी देत आलोय. एका हातात स्क्रू ड्रायव्हर, दुसऱ्या हातात गिऱ्हाइकाचा रिमोट. ब्राइटनेस थोडा चढवला की कपटी बाई बिचारी होते, उतरवला की बिचारी बाई कपटी. एका संध्याकाळी दोन घरं करायची असली, की एका घरात तिला निर्दोष सोडायचं, दुसऱ्या घरात अडकवायचं आणि आपण जेवायला घरी यायचं.

माझं टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं. 'होतं' म्हणतो, कारण हल्ली टीव्ही दुरुस्त होत नाहीत. त्यांचं पॅनल जातं. पॅनल गेलं की नवा टीव्ही घेणं सोपं पडतं, आणि कंपनीलाही तेच हवं असतं. पूर्वी टीव्हीच्या पोटात हात घालून दोष शोधायचो. आता पोटच राहिलेलं नाही, सगळा टीव्ही म्हणजे एक पापड. तेव्हा दुकान बंद केलं आणि घरोघर जाऊन टीव्ही भिंतीला टांगणं, सेट-टॉप बॉक्सचा डबा जोडणं, सेटिंग करून देणं एवढंच ठेवलं. दिवाळी अंकवाल्यांनी अनुभव लिहायला सांगितले, तेव्हा बायको म्हणाली, "दुसऱ्यांच्या मालिका बघून तुम्हाला कसले आलेत अनुभव?" तिचं बरोबर आहे. पण तिच्याही मालिका मीच लावून देतो, हे ती सोयीस्कर विसरते.

ज्यांना या धंद्याची माहिती नाही त्यांच्यासाठी थोडं सांगतो. पूर्वी चित्र वाईट असलं तर सबंध वाईट असायचं. पडद्यावर मुंग्या यायच्या, एका नवऱ्याचे दोन नवरे दिसायचे. कौलांवर चढून कुणीतरी अँटेना फिरवायचं आणि खालून सगळं घर ओरडायचं, "आलं, आलं, गेलं!" पण त्या मुंग्यांतूनही काय चाललंय ते कळायचं. मग डिजिटल आलं. डिजिटलचं म्हणणं असं, की दिसेल तर लख्ख दिसेल. हे त्याचं म्हणणं झालं. प्रत्यक्षात वरून येणारी वाट एक आणि त्या वाटेवर चॅनेल ढीगभर. सगळ्यांना मावायचं तर प्रत्येकाने अंग चोरून बसायला हवं. म्हणून चित्रातलं जे कमी महत्त्वाचं ते आधीच टाकून देतात. कमी महत्त्वाचं काय, हे एक यंत्र ठरवतं. आणि या यंत्राचा अंधारावर राग आहे. काळोखात दाखवायचंय काय, सगळं काळंच तर आहे, असं म्हणून ते काळोखाचे मोठाले चौकोन करून देतं. जांभ्या दगडाचे चिरे रचावेत तसे.

आता आपल्या मालिकांत सगळ्या महत्त्वाच्या गोष्टी कुठे घडतात? अंधारात. तिजोरी उघडतात ती अंधारात, औषधं बदलतात ती अंधारात, दाराआड उभं राहून ऐकतात तेही अंधारात. म्हणजे नेमकी जिथे गोष्ट घडते, तिथे आमच्याकडे चिऱ्यांची भिंत. मग प्रेक्षकाने करायचं काय? भिंतीपलीकडे काय चाललंय ते तो आपल्या स्वभावाप्रमाणे ठरवतो. आणि कोकणी माणसाचा स्वभाव तुम्हाला ठाऊक आहेच. न दिसलेल्या गोष्टीबद्दल त्याचं मत नेहमी पक्कं असतं.

आमचे एक गुरुजी होते. मोठ्या शाळेचे निवृत्त मुख्याध्यापक, वर्तमानपत्रातल्या चुका पेनाने दुरुस्त करणारे. त्यांच्या नव्या टीव्हीवर जुन्या मालिकांचं पुनःप्रक्षेपण लागलं, की दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या यायच्या. जुनं चित्र चौकोनी आणि नवा पडदा लांबट, म्हणून त्या येतात. गुरुजींना ते पटलं नाही. "टीव्ही पूर्ण घेतलाय ना? मग चित्रही पूर्ण हवं." मी चित्र ताणून पडदाभर करून दिलं. माणसं आडवी सुटली. गुरुजी खूश झाले.

काही आठवड्यांनी बाजारात भेटले, तर कपाळाला आठ्या. म्हणाले, "मला लेखकाचं काही कळत नाही. नायिकेला दिवस गेलेत हे आंधळ्यालाही दिसतंय. पण घरात कुणी बोलत नाही. डोहाळजेवण नाही, काही नाही. उलट तिला हंडे उचलायला लावतात." मी म्हटलं, "गुरुजी, सगळीच जाड दिसतायत. तिचा सासराही." गुरुजी म्हणाले, "सासऱ्याचं वय आहे."

मी त्यांच्या घरी जाऊन पट्ट्या परत आणल्या आणि चित्र जागेवर बसवलं. दुसऱ्या दिवशी फोन. "अहो, एका रात्रीत पोट उतरलं तिचं! मूल कुठे आहे?" मी हरप्रकारे समजावलं. पण गुरुजींचा निष्कर्ष झाला होता: सासूने मूल पळवलं, आणि लेखक ते पुढे कधीतरी उघड करणार. सांगायला लाज वाटते, पण पुढे त्या मालिकेत खरोखरच एक हरवलेलं मूल उगवलं. गुरुजींनी मुद्दाम फोन करून "बघितलंत?" एवढंच विचारलं आणि ठेवून दिला. लेखक आणि गुरुजी एकाच तऱ्हेने विचार करत असतील, तर मध्ये मेकॅनिकने पडू नये.

दुसरं गिऱ्हाईक म्हणजे नाचणे गावाकडच्या एका फ्लॅटमधल्या आजी. मुलाने मुंबईहून भलामोठा टीव्ही पाठवला होता. असे टीव्ही खोक्यातून बाहेर येतात ते दुकानातलं सेटिंग घेऊनच. दुकानात शेजारच्या टीव्हीपेक्षा उठून दिसायचं, म्हणून रंग भडक आणि हालचाल तुपासारखी गुळगुळीत. ती गुळगुळीत कशी करतात? कॅमेऱ्याने जितकी चित्रं काढली, त्यांच्यामध्ये टीव्ही आपल्या पदरची चित्रं घुसवतो. क्रिकेटला ते छान दिसतं. मालिका लावली, की सगळा प्रकार लग्नाच्या शूटिंगसारखा दिसायला लागतो. महाल पुठ्ठ्याचा वाटतो, दागिने जत्रेतले वाटतात आणि रडणारी बाई, हार घालायला उशीर झाला म्हणून वैतागलेल्या करवलीसारखी दिसते.

आजींनी दोन दिवस बघितलं आणि जाहीर केलं, "ही थोरली खोटं रडते. हिच्या मनात काहीतरी आहे." लेखकाच्या दृष्टीने थोरली म्हणजे गाय होती. पण आजी ऐकेनात. तिचं कारस्थान कधी उघडं पडतंय याची वाट बघत त्या रोज बसायच्या. मी सेटिंग बदलायला रिमोट उचलला, तर म्हणाल्या, "हात लावायचा नाही. इतकी वर्षं मी फुकट रडले." त्यांचा रक्तदाबही तेव्हापासून ताळ्यावर आला म्हणतात. त्याचं श्रेय डॉक्टरांनी घेतलं.

अशी माझी कारकीर्द. लोकांनी खरं बघावं म्हणून चित्र स्वच्छ करत फिरायचं, आणि लोकांनी त्यातून आपल्याला हवं तेच बघायचं. हे मला इतकं सवयीचं झालं होतं, की चित्र स्वच्छ झाल्याने कुणाच्या आयुष्यात काही फरक पडतो यावरचा माझा विश्वासच उडाला होता. म्हणून पावस गावाच्या बाजूच्या आप्पा नागवेकरांची गोष्ट सांगायला हवी. ती जरा वेगळी आहे आणि तिची मला अजून थट्टा करता येत नाही.

आप्पांची हापूसची कलमं आहेत. माणूस कष्टाळू, बोलायला कमी आणि बोललेलं मागे घेण्यात त्याहून कमी. त्यांची एकुलती एक मुलगी वैजू. रत्नागिरीला कॉलेजात असताना एकांकिकांत कामं करायची. आप्पांनी तिच्यासाठी स्थळ ठरवलं, तारीख धरायची वेळ आली, आणि ही नाही म्हणून मुंबईला निघून गेली, नटी व्हायला. आप्पा एवढंच म्हणाले, "गेलीस ती गेलीस. परत या पायरीला पाय लावायचा नाय." त्यानंतर त्यांनी तिचं नाव काढलं नव्हतं. सुमनवहिनी, म्हणजे तिची आई, मागच्या पडवीत जाऊन हळू आवाजात तिच्याशी फोनवर बोलायच्या. आप्पांना ते माहीत होतं. आपल्याला माहीत नाही असं ते दाखवायचे.

वैजूला मालिकेत काम मिळालं ते धाकट्या सुनेचं. आमच्या गावांत मालिकेतल्या बाईला आणि तिचं काम करणाऱ्या बाईला वेगळं मोजायची पद्धत नाही. तशात तो प्रसंग आला. रात्रीची वेळ, स्वयंपाकघरात काळोख, धाकटी सून सासूचं दूध पेल्यात ओतते, पदरातून पुडी काढते, आणि मग कॅमेरा तिच्या तोंडावर. आप्पांच्या घरी जुना टीव्ही होता, लाल-पांढऱ्या-पिवळ्या पिनांच्या वायरीने जोडलेला. त्यावर स्वयंपाकघर म्हणजे नुसते काळे चिरे, आणि त्या चिऱ्यांत एकच गोष्ट पांढरी दिसत होती: वैजूचे दात.

दात दिसतायत म्हणजे हसतेय. सासूला विष घालून हसतेय. वाडीतले सगळे टीव्ही थोडेफार तसलेच, त्यामुळे निकाल एकमताने लागला. वहिनी मासळी बाजारात गेल्या, तर कोळीण म्हणाली, "वयनी, पोरीला सांगा, सासूला मारायचंच तर शिळा बांगडा वाढ म्हणावं. दूध कशाला नासवतेस!" सगळा बाजार हसला. वहिनीही हसल्या आणि मासे न घेता घरी आल्या.

आप्पा मालिका बघत नव्हते. ते ओटीवर आतल्या टीव्हीकडे पाठ करून बसायचे. पण त्या रात्री पाणी प्यायला आत आले आणि नेमके ते दात बघितले. पुढे पौषात, मोहोराच्या फवारणीची धांदल चालू असताना, तो जुना टीव्ही एकदाचा गेला. तेव्हा वहिनींनी मला बोलावलं. गणपतीत वैजूने पाठवलेला नवा टीव्ही आंब्याच्या पेट्यांच्या खोलीत खोक्यातच पडून होता, बाजूला एचडीचा डबाही. आप्पांनी परवानगी दिली तीही त्यांच्याच भाषेत. "पडलाय तर लावा. टीव्हीचा काय गुन्हा?"

मी भिंतीला भोकं पाडत होतो तेव्हा वहिनी हळूच म्हणाल्या, "भावजी, शिमग्याला येऊ का म्हणून पोर विचारते. देवाची पालखी घरी येते त्या दिवसापुरती. हे नाय म्हणतात."

आप्पा ओटीवरून म्हणाले, "मला ऐकायला येतंय."

मी म्हटलं, "आप्पा, ती मालिका आहे हो. पगार घेऊन केलेलं काम."

आप्पा आत आले. "सुर्वे, मी काय येडा नाय. नाटक हाय ते मला कळतंय. पण मनात नाय तर तोंडावर येतंय कसं? बापसाला लाथाडून गेली, ती हसत गेली की रडत, ते मला त्या दिवशी कळलं नव्हतं. आता कळलं."

म्हणजे आप्पांच्या मनात विषाचा प्रश्नच नव्हता. चार काळ्या चौकोनांत त्यांनी आपल्या मुलीचं मन वाचलं होतं, आणि त्या वाचनावर ती घरी येणार की नाही हे ठरणार होतं. मला एकदम हुरूप आला. एवढा मोठा खटला माझ्याकडे कधी आला नव्हता. तो प्रसंग मी रत्नागिरीत एका चांगल्या टीव्हीवर बघितला होता आणि वैजू त्यात हसत नव्हती हे मला पक्कं ठाऊक होतं. रविवारी दुपारी त्या मालिकेचे जुने भाग सलग दाखवायचे, त्यात तोही होता. मी म्हटलं, "वहिनी, रविवारी येतो. वाडीतल्या सगळ्यांना बोलवा."

रविवारी सगळे आले. शेजारची शेवंता सगळ्यात पुढे बसली, कारण विष घातल्याचं सर्वात आधी तिने बघितलं होतं. आप्पा दाराच्या चौकटीत उभे राहिले, बाहेर जायची सोय ठेवून. मी टीव्ही चालू केला आणि माझ्याच धंद्याने मला तोंडघशी पाडलं. आदल्या खेपेला मी सगळं नीट बसवलं होतं. पण मधल्या काळात वीज गेली-आली, टीव्हीने सगळं पुन्हा पहिल्यापासून विचारलं, आणि वहिनींनी जे बटण हाताला लागलं ते दाबलं. दुकानातलं सेटिंग परत हजर. वैजू स्वयंपाकघरात आली ती तुपावरून घसरत आल्यासारखी.

शेवंता हसायला लागली. "बाय माझे! ही तर आपल्या नमनाच्या खेळातली गवळण वाटतंय." सगळी हसली. एकजण म्हणाला, "स्वयंपाकघर बघ, मागची भिंत हलते." ज्या मुलीच्या घरी येण्या-न येण्याचा प्रश्न होता, तिचं काम बघून तिच्याच घरात लोक पोट धरून हसत होते. आप्पांचा चेहरा दगडासारखा झाला. वहिनी माझ्याकडे बघायला लागल्या. मला पळून जावंसं वाटलं.

पण मराठी मालिकेवर विश्वास ठेवावा तो एकाच बाबतीत: जाहिराती भरपूर असतात. जाहिराती लागल्या आणि मी रिमोट घेऊन आत शिरलो. गुळगुळीतपणा काढून टाकला, रंग उतरवले, अंधार मोकळा केला. जाहिराती संपेपर्यंत एखादी विहीर खणून झाली असती, सेटिंग काय चीज आहे.

मग तो प्रसंग आला. काळोख होता, पण त्यात आता चिरे नव्हते. चूल दिसत होती, कपाट दिसत होतं, मोरी दिसत होती. वैजू पेला घेऊन उभी. पुडी तिने पेल्यात रिकामी केली. थांबली. मग तेच दूध मोरीत ओतून दिलं आणि भिंतीला टेकून, मान मागे टाकून उभी राहिली. दात दिसत होते ते खालचा ओठ घट्ट चावला होता म्हणून. हुंदका बाहेर पडू नये म्हणून. ती अजिबात हसत नव्हती.

मी खटला जिंकलेल्या वकिलासारखं सगळ्यांकडे बघितलं.

शेवंता म्हणाली, "हे बदललानी."

"काय बदललं?"

"सीन. नवा घातलानी. लोक बोलले ना, म्हणून. आधी विष घातलान होतं, मी ह्या डोळ्यांनी बघितलंय."

"बरोबर," दोन-चार जण म्हणाले. "कंपनीवाले काय पण करतात."

झालं. एवढी सेवा करून, अंधारातून गोष्ट बाहेर काढून दाखवली, तर माझ्यासमोर बसून लोक आपल्या जुन्या भिंतीवर ठाम. मी रिमोट खाली ठेवला. चित्र बघून माणसाचं मत बदलेल ही माझी समजूत त्या घरात कायमची मिटली.

पण आप्पा दारात नव्हते. ते चालत टीव्हीजवळ आले होते, इतके जवळ की मागच्यांना काही दिसेना. पडद्यावर अजून वैजूचा चेहरा होता. डोळ्यातून पाणी गालावरून कानाकडे गेलं होतं आणि तिथला रंग थोडा धुतला गेला होता. त्या रंगाखाली काळसर ठिपक्यांचा एक पट्टा दिसत होता. मालिकेतल्या धाकट्या सुनेला तो असायचं काही कारण नव्हतं. आप्पांनी त्यावर बोट ठेवलं.

"काजू भाजताना सालीतलं तेल उडालं होतं," ते म्हणाले. कुणाला उद्देशून ते कळलं नाही. "मीच बोलावलं होतं तिला, गरम गरम खायला."

चित्र बदललं, सासू आली. आप्पांचं बोट सासूच्या नाकावर राहिलं. मग त्यांनी ते काढलं, "बंद करा" म्हणाले आणि कलमांकडे निघून गेले. लोक उठले. वहिनींनी मला चहा दिला आणि तो पिताना आम्ही दोघांनी एकमेकांकडे बघायचं टाळलं. आपण होतं तेही बिघडवलं, असं मनाशी म्हणत मी स्कूटर रत्नागिरीकडे काढली.

पुढे बरेच दिवस पावसहून काही कळलं नाही. आणि मग एके दिवशी खुद्द आप्पांचा फोन आला. तक्रार होती. "सुर्वे, तुझ्या टीव्हीत खोट हाय. सगळ्यांची तोंडं लख्ख दिसतात. हिच्याच तोंडावर धुकं."

संध्याकाळी मालिकेच्या वेळेच्या आधी पोहोचलो. आप्पा टीव्हीसमोर अगदी पुढ्यात खुर्ची टाकून बसले होते. वहिनींनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "रोज बसतात. गोष्ट विचाराल तर ओ की ठो माहीत नाय. ती आली की उठून जवळ जातात, ती गेली की परत बसतात. माझ्याशी एक शब्द नाय. आणि ती अजून येऊ का विचारते, तिला काय सांगू?"

मी आप्पांना समजावलं की ही टीव्हीची खोट नाही. तरुण नट्यांचे चेहरे तुकतुकीत दिसावेत म्हणून मालिकावालेच ते मऊ करून पाठवतात. पुरळ, डाग, डोळ्यांखालची काळी वर्तुळं असलं काही दिसू नये म्हणून.

"म्हणजे असतं, पण झाकतात," आप्पा म्हणाले.

"तसंच समजा."

"मग उघड."

मी सांगितलं की पाठवलेलं नाही ते टीव्ही कुठून आणणार. फार तर आहे त्याची धार, म्हणजे शार्पनेस, वाढवता येईल, पण मग चित्र खरखरीत होईल, डोळ्याला टोचेल, मालिका बघण्यासारखी राहणार नाही. आमच्या धंद्यात हे पाप समजतात. एखाद्याच्या घरी धार शेवटपर्यंत चढवलेली दिसली, की मी आधी ती उतरवतो आणि मग पाणी मागतो.

आप्पा म्हणाले, "मालिका कोणाला बघायची हाय?"

मी धार शेवटपर्यंत चढवली. इतक्या वर्षांच्या धंद्यात हे पाप मी पहिल्यांदाच, जाणूनबुजून केलं. मालिका सुरू झाली. हळदीकुंकवाचा समारंभ होता. सगळ्या बायका नटून हसत होत्या, आणि प्रत्येकीच्या तोंडावरचा रंग गिलाव्यासारखा वेगळा दिसत होता. वैजू हिरव्या साडीत आली. तीही हसत होती, सगळ्यांपेक्षा जास्त. काम चांगलं करत होती पोरगी, हे मला त्या खरखरीतून पण दिसलं.

आप्पा उठून जवळ गेले. चष्मा वर केला, खाली केला.

"हिला ताप हाय," ते म्हणाले.

"काय तरी बोलता," वहिनी म्हणाल्या. "हसतेय की चांगली."

"डोळे बघ. खालची कड बघ, लाल. लहानपणी ताप चढायचा तेव्हा अशीच दिसायची. आणि तू म्हणायचीस, खेळतेय की चांगली." ते वळले आणि हात पुढे केला. "फोन लाव."

वहिनींना कळेना की ऐकलं ते खरं का. त्यांनी फोन लावला आणि फोनवरचं आप्पांना नीट कळत नाही म्हणून आवाज मोठा करून त्यांच्या हातात दिला. मला तिथून जायला हवं होतं, पण दार आप्पांच्या पलीकडे होतं. मी टीव्हीच्या मागे वाकलो आणि नीट बसलेली वायर पुन्हा नीट बसवायला लागलो.

"आई?" पलीकडून वैजूचा आवाज आला.

"मी हाय," आप्पा म्हणाले.

पडद्यावर ती हसत कुणालातरी तिळगूळ देत होती.

"ताप हाय तुला," आप्पा म्हणाले.

"आप्पा... तुम्हाला कुणी सांगितलं?"

"दिसतंय मला. समोर हायस."

मग तिच्या लक्षात आलं. "अहो, ते शूटिंग कधीच झालंय. तेव्हा होता ताप. चांगला चढला होता. आता बरी आहे मी."

"मग तेव्हा का नाय कळवलंस?"

"कुणाला कळवू, आप्पा?"

वहिनींनी पदर तोंडाला लावला. आप्पा तसेच उभे, एका हातात फोन, आणि डोळे त्या खरखरीत, टोचणाऱ्या चित्रावर. प्रसंग संपला, वैजू पडद्यावरून गेली, तरी ते तिथेच बघत राहिले.

"पालखी यायच्या आदल्या दिवशी ये," ते म्हणाले. "आणि तोंड धुऊन ये."